अंबादास, उंदीर न्हाय ते

अंबादास, परवा तुझ्या शोकसभेत मी पुन्हा 'उंदीर' म्हणालो.

चाळीस वर्षांची खोड, ती काय तुझ्या तेराव्याला सुटणार? शाळेच्या सभागृहात पंखे गरगरत होते आणि वारा कुणालाच लागत नव्हता. हेडमास्तरांनी तुझी सेवापुस्तिका वाचून दाखवली, त्यात तू कुठंच नव्हतास. मग मला उभं केलं. मी चांगलं बोलतो असा एक गैरसमज गावात आहे आणि तू तो कधी दूर केला नाहीस. मी घसा खाकरला, डोळे पुसले आणि सुरुवात केली, "आमच्या अंबादासनं जन्मभर ऑस्ट्रेलियातल्या त्या इवल्याशा उंदरांवर माया केली..."

पुढच्या रांगेत वहिनी बसल्या होत्या. डोक्यावरून पदर, मान खाली. तेरा दिवसांत कुणाशी धड बोलल्या नव्हत्या म्हणे. त्यांनी मान वर केली आणि शेवटच्या बाकापर्यंत ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, "भावजी, उंदीर न्हाय ते."

 मग मागं कुणीतरी फिस्सकन हसलं, मग शिपाई हसले, मग हेडमास्तर, मग पदर तोंडाला लावून स्वतः वहिनी. हार घातलेल्या फोटोत एकटा तूच गंभीर होतास. ओळखपत्राचा फोटो तो. त्यात तू कायमच नुकतं चंचुपात्र फोडल्यासारखा दिसायचास.

माझं भाषण तिथंच आटोपलं. नाहीतरी मला जे सांगायचं होतं ते सभेत सांगण्यासारखं नव्हतं. ते तुला एकट्यालाच सांगायचं होतं आणि ते मी आठ महिने टाळत आलो. मी तुझ्याशी एक खोटं बोललो होतो. ते निस्तरायला हे लिहितोय. पण सरळ मुद्द्यावर येणं मला कुठल्या तासाला जमलं होतं? जरा वळसा घालून येतो.

आपली ओळखच मुळी माझ्या फजितीतून झाली. नववी ब चे विज्ञानाचे सर रजेवर होते आणि मला त्या तासाला बसवलं होतं. मी मराठीचा मास्तर. पोरांना गप्प ठेवायचं, एवढंच काम. पण त्यासाठी आधी आपण गप्प बसावं लागतं. मी प्राण्यांवर घसरलो. कांगारू सांगून झाला तरी घंटा होईना, तेव्हा कुठंतरी ऐकलेलं थोडं आणि पदरचं बरंच घालून ठोकून दिलं, "ऑस्ट्रेलियात, मुलांनो, उंदरांनासुद्धा पोटाला पिशवी असते. उंदरीण पिल्लं पिशवीत घालून बाजारहाट करून येते." पोरं खूश. दारात तू परीक्षानळ्यांचा ट्रे धरून उभा होतास. तू खोकलास.

"मास्तर, जरा भाईर येता का?"

बाहेर आल्यावर तू खालच्या आवाजात म्हणालास, "तितं खरे उंदीर बी हायेत. त्यास्नी पिशवी न्हाय. आन् ज्यास्नी पिशवी हाय, ते उंदीर न्हायत. त्यातल्या लई जणांना तर पिशवी बी धड नसती, नुसती कातडीची घडी असती. पोरांस्नी चुकीचं जाईल म्हणून सांगितलं. राग नका मानू."

मी राग मानला. प्रयोगशाळा सहायकानं मास्तरला वर्गाबाहेर बोलवायचं म्हणजे काय! पुढच्या तासाला जाऊन मी चूक दुरुस्त केली, असं इथं लिहायला मला फार आवडलं असतं. केली नाही. ती नववी ब आता पन्नाशी ओलांडून गेली, आणि त्यातले निम्मे जण अजून उंदरणीला बाजाराला पाठवत असतील.

तुझ्याकडं हे सगळं आलं कुठून, ते मला पुढं कळलं. शाळेला कुणीतरी दान दिलेल्या रद्दीत प्राण्यांवरचा एक जाडजूड इंग्रजी ग्रंथ होता. त्याचा पुढचा भाग वाळवीनं खाल्ला होता. वाघ, सिंह, हत्ती, घोडे, सगळे वाळवीच्या पोटात. कांगारूची पानं कुण्या पोरानं चित्रासाठी फाडून नेली होती. उरले होते ते कुणालाच नको असलेले: बोटाबोटाएवढे, टोकदार नाकाचे, मण्यासारख्या डोळ्यांचे जीव. तू दहावी झालेला. शब्दकोश मांडीवर घेऊन, चंचुपात्रं वाळेपर्यंतच्या वेळात, तू ते सगळं वाचून काढलंस. तुला कुणी सिंहाबद्दल विचारलं की तू शांतपणे म्हणायचास, "ते वाळवीकडं हाय."

पण या बारक्यांबद्दल विचारावं! डनार्ट नावाचा एक, चरबी शेपटीत साठवणारा. "आपण कणगी भरतो, ते शेपूट भरतंय. अन्न मिळंना झालं की शेपटीवर दिवस काढतंय." निंगॉई नावाचा एक, आगपेटीत मावेल एवढा, पण स्वतःएवढ्या नाकतोड्यावर झडप घालणारा. आणि हे सगळे नात्यानं कुणाचे? "त्यो टास्मानियन डेव्हिल हाय की, राक्षसासारखा वराडणारा, त्याचे हे धाकटे चुलतभाऊ." आपल्याच घरातली सोयरीक सांगावी तसं सांगायचास.

प्लॅनिगेलनं तर माझी अब्रूच घेतली. त्याचं डोकं म्हणे इतकं चपटं की काळ्या रानाला पडलेल्या भेगांतून तो आरामात हिंडतो. मी कर्नाटकच्या सीमेवरल्या दुधनीचा, आमच्या रानाला उन्हाळ्यात अशा भेगा पडतात की आत गेलेली चप्पल काढायला काठी लागते. तू सांगितल्यापासून मी गावी गेलो की भेगांत वाकून बघायला लागलो. एकदा चुलतभावानं बांधावरून हाक मारली, "एन हुडकाकत्तीयो?" काय शोधतोयस, म्हणून. मी म्हणालो, ऑस्ट्रेलियातला एक प्राणी. तेव्हापासून गावात माझ्या डोक्याविषयी एकमत आहे.

तुझा सगळ्यात लाडका मात्र अँटिकायनस. त्याची गोष्ट तू पहिल्यांदा शिक्षकखोलीत सांगितलीस. वर्षातून एकदाच त्यांचा हंगाम येतो. दोन-तीन आठवडे नर खाणं-झोप सोडून माद्यांमागं धावतात, आणि त्या दगदगीनंच सगळे मरतात. "सगळे म्हंजे सगळे, मास्तर. रानात एक बी नर उरत न्हाय. पिल्लं जन्माला येत्यात तवा समद्या रानात नुसत्या आया." भूगोलाचे सर माझ्याकडं बघून म्हणाले, "हे यांना लग्नाआधी सांगायला पाहिजे होतं." खोली हसली. सगळ्यात मोठ्यानं मी. तू हसला नाहीस. ट्रे उचलता उचलता एवढंच म्हणालास, "एका बी पिल्लाला बापाचं तोंड दिसत न्हाय."

तू पोटात असतानाच तुझे वडील गेले होते, हे मला त्यानंतर कितीतरी वर्षांनी कळलं. तेही तू सांगितलं नाहीस, वहिनींनी सांगितलं. माझं ते हसणं मी तेव्हापासून परत घेतोय, अजून पुरतं परत आलेलं नाही.

'तिकडचा पितृपंधरवडा' म्हणायचास तू त्याला. "आपला भादव्यात, त्यांचा आखाडातच उरकतोय." मी ते पन्नासदा तरी ऐकलं असेल. ऐकलं म्हणजे कानावर पडलं. त्यातला फरक मला फार उशिरा समजला.

आणि आपलं ते भांडण! ते मात्र मिटलं नाही. "तुमी मराठीचे मास्तर," तू म्हणायचास, "यास्नी एक मराठी नाव द्या की. एवढं सोपं काम."

"पिशवी-उंदीर," मी.

"उंदीर नको."

"मग कोश-मूषक."

"त्यो बी उंदीरच की, सदरा घातलेला."

"चिचुंद्री?"

"तिचं घराणं येगळं."

सोलापुरात सात रस्त्याच्या कोपऱ्यावर चहाच्या टपरीपाशी आपण यावरून इतकं तावातावानं भांडायचो की एकदा टपरीवाला मधे पडला, "क्या चाचा, जमीन का लफडा है क्या?" घरात कानडी बोलणारा मी आणि घरात तेलुगू बोलणारा तू, आणि आपण ऑस्ट्रेलियातल्या प्राण्यासाठी मराठी नाव मागत होतो. त्याला काय सांगणार? "व्हय," तू म्हणालास, "जमीनच. त्यांची हाय, आन् मास्तर उंदराच्या नावावर करायलेत."

आता मुद्दा.

गेल्या वर्षी मुलाकडं निघालो. ब्रिस्बेनच्या बाहेर, झाडीला टेकून त्याचं घर. निघायच्या आदल्या दिवशी तू टपरीवर आलास. मी तुला कितीदा विचारलं होतं, काय आणू तिकडून? तू काही मागितलं नाहीस. फक्त म्हणालास, "घरामागं झाडी हाय म्हणता. नशीब काढलं, मास्तर. एक तरी दिसंल. दिसलं की सांगा मला, कसं दिसलं ते."

माझ्या बॅगेत शेंगाची चटणी होती. भरपूर. विमानतळावर तिची अशी कसून तपासणी झाली की मला एकदम आपल्या चटणीचा अभिमान वाटला.

पहिले काही आठवडे मला तुझं काही दिसलं नाही, कारण मी बघितलंच नाही. मी दुकानं बघत होतो. मग स्वयंपाकघरात खुडबुड सुरू झाली. फडताळात लेंड्या दिसल्या, चटणीच्या पुडक्याला भोक पडलं. सून म्हणाली, "बाबा, आधी कुणाला तरी विचारू या. इथले प्राणी वेगळे असतात."

"उंदीर म्हणजे उंदीर," मी म्हणालो. "सोलापूरच्या माणसाला उंदीर शिकवतेस?"

बघ अंबादास. त्या घरात, त्या देशात, मलाच एकट्याला तुझ्यासारखा मास्तर लाभलेला. आणि मी हे बोललो.

दुकानातून लाकडी चाप आणला. पाव, चीज असला मिळमिळीत मामला नको, म्हणून चटणीची तेलात गोळी वळली आणि चापाला लावली. अनंत चतुर्दशी होऊन दोन दिवस झाले होते. सकाळी उशिरा फडताळ उघडलं तर चाप मिटलेला. मी लांबूनच फोटो काढला, तुला पाठवला आणि खाली लिहिलं, 'सोलापुरी चटणीपुढं ऑस्ट्रेलिया चीत!' वर तीन हसरे चेहरे.

तुझा फोन लगेच आला. तू हसत नव्हतास.

"मास्तर, जवळ जावा. तोंड बगा त्याचं."

तोंड लांबट होतं, नाक टोकदार. कान विचारलेस, पातळ, सुरकुतलेले. पाय विचारलेस, पिवळट. मग म्हणालास, चमच्यानं ओठ उचला आणि दात बघा. उंदराच्या पटाशीसारखे पुढचे दोन दात तिथं नव्हते. बारीक अणकुचीदार दातांची ओळ होती. मी एकेक सांगत गेलो आणि तू पलीकडं "हं", "हं" करत गेलास, प्रत्येक "हं" आधीच्याहून बारीक.

 मग विचारलंस, "उलटं करून बगा. नर हाय का मादी?"

मी उलटं केलं. पिशवी नव्हती. तू परीक्षानळ्यांचा ट्रे धरून सांगितलं होतंस तशी नुसती कातडीची घडी. आणि त्या घडीत भिजवलेल्या साबुदाण्यासारखे गुलाबी आठ जीव, आचळांना घट्ट चिकटलेले. त्यातला एक हलला.

"मास्तर?"

"नर आहे," मी म्हणालो.

वर्गात मी जे ठोकून दिलं ते अज्ञान होतं. हे अज्ञान नव्हतं. मला सगळं दिसत होतं. ज्या अँटिकायनसची तू जन्मभर पुस्तकातून वाट पाहिलीस, त्यातलीच एक आई मी मारली होती, पिल्लं पोटाशी असताना, आणि वर तुला तीन हसरे चेहरे पाठवले होते. हे तुझ्या कानात कुठल्या शब्दांनी घालायचं ते मला सुचेना. चाळीस वर्षं शब्दांचीच नोकरी केली, आणि सुचला तो हा एक, दोन अक्षरांचा.

 मग म्हणालास, "बरं. नर असंल तर त्याचे दिवस भरलेच हुते. तुमी मनाला लावून घिऊ नका." आणि फोन ठेवता ठेवता, "तिकडं आता बारा वाजले असतील. जेवलात का?"

"हो," मी म्हणालो.

सुनेनं धावपळ करून रानातले जीव सांभाळणाऱ्या एका बाईंना बोलावलं. त्या आल्या, मऊ फडक्यात सगळं गुंडाळून घेऊन गेल्या.   संध्याकाळी त्यांचा निरोप आला: पिल्लं फार लहान होती.

दुसऱ्या दिवशी तुझा हुकूम आला. चाप फेकून द्या. फडताळामागची फट बुजवा. पुडकी डब्यात घाला. आणि रोज संध्याकाळी मागच्या पडवीत बसा. "खायला काय ठिवू नका. नुसतं बसा. बोलायचं न्हाय." शेवटची अट अवघड होती, पण शिक्षा म्हणून मी ती मानली. तिकडची संध्याकाळ म्हणजे तुझी दुपारची जेवणवेळ. मी पडवीत व्हिडिओ कॉल लावून फोन धरून बसायचो आणि तू इकडं भवानी पेठेतल्या घरी ताट समोर घेऊन बसायचास. शेजारच्या यंत्रमागांची खटखट ब्रिस्बेनपर्यंत यायची. मागून वहिनी, "अय्यो, जेवताना बी उंदीर?" आणि तू घास तोंडात ठेवून, "उंदीर न्हाय गं ते."

तीन आठवडे गेले. एक पाल दिसली, एक पक्षी दिसला, शेजाऱ्याचं मांजर रोज दिसलं. मग एका संध्याकाळी माझं बोट फोनवर कुठंतरी लागलं आणि कॅमेरा उलटा झाला. मला पत्ता नाही. मी समोरच्या लाकडांच्या ढिगावर डोळे रोवून बसलो होतो आणि तुला दहा मिनिटं नुसत्या माझ्या नाकपुड्या दिसत होत्या. तुझी भीड अशी की मास्तरला ते सांगावं कसं, म्हणून तू निमूट जेवत होतास. आणि अचानक फोनमधून घोगरा आवाज आला.

"हलू नको! हलू नको रे! मागं हाय तुझ्या!"

चाळीस वर्षांत तू मला पहिल्यांदा 'तू' म्हणालास. माझ्याच वयाचा तू, आणि मी कधी म्हणालो नव्हतो की अरे, हे 'तुमी' सोड. तुझ्या 'मास्तर'ची मला सवय नव्हती, चटक होती. ती त्या एका हाकेनं सुटली.

मी अर्थातच हललो. गर्रकन मागं वळलो. पडवीचा रिकामा वासा.

"काय होतं? काय दिसलं?" मी ओरडलो.

"वाशाला... खालच्या बाजूनं... उलटं पळत गेलं, मास्तर. मधीच थांबलं. हिकडं बगितलं. मिशा हलल्या त्याच्या." मग तुझा आवाज येईनासा झाला. तुझ्या फोनवर भिंत दिसायला लागली, मग छत, मग वहिनींचा चेहरा.

"भावजी, हे रडायलेत की. तुमी काय दाखवलं त्यास्नी?"

काय दाखवलं? नाकपुड्या दाखवल्या, वहिनी. बाकीचं त्याचं त्यानं बघितलं. दोन हातांच्या अंतरावर बसून मला जे दिसलं नाही ते अंबादासनं भवानी पेठेतून ताटावर बसून पाहिलं. आजतागायत मी एकच पाहिलंय, ते मेलेलं. जिवंत पाहिलेला आपल्या दोघांत तू एकटा.

परत आल्यावर सांगीन, असं ठरवलं होतं. खरंच ठरवलं होतं. पण सात रस्त्यावर भेटलो की तू टपरीवाल्याला, रिक्षावाल्याला, अनोळखी गिऱ्हाइकाला धरून तो वासा सांगायला लागायचास. "असं उलटं! आन् मधी थांबून आमच्याकडं बगितलं! मास्तरांनी दाखवलं." मास्तरांनी दाखवलं. तुझ्या तोंडावर असा उजेड असायचा की मी म्हणायचो, आज नको, पुढच्या खेपेला. जानेवारी गेला, शिवरात्र गेली, ऊन वाढलं. मग त्या सकाळी वहिनींच्या फोनवरून तुझ्या मुलाचा आवाज आला, आणि पुढची खेप संपली.

म्हणून काल मी तुझ्या घरी गेलो. तू नाहीस तर वहिनींना तरी सांगावं. शेजारचे माग चालू होते. वहिनी सुपात शेंगदाणे घेऊन निवडत बसल्या होत्या. म्हणाल्या, "या भावजी. रिकाम्या हातानं बसवत न्हाय." मी समोर बसलो. नेहमीप्रमाणे आधी उन्हावर बोललो, मग पाण्यावर. मग म्हणालो, "वहिनी, अंबादासला एक सांगायचं राहिलं. तिकडं चापात सापडला तो नर नव्हता. मादी होती. पोटाला पिल्लं होती. मी खोटं बोललो त्याच्याशी."

वहिनींचे हात थांबले नाहीत.

"म्हाईत हुतं की त्यास्नी."

"काय माहीत होतं?"

"त्या दिवशीच म्हणाले, फोन ठिवल्यावर. म्हणाले, या महिन्यात तितं नर कुटला? समदे कवाच मेलेले असत्यात. मास्तर खोटं बोलायलेत." त्यांनी एक खवट दाणा बाजूला टाकला. "मी म्हणलं, मग विचारायचं की तोंडावर. तर म्हणाले, नको. मास्तरांस्नी आधीच लई लागलंय, आवाज कसा झाला बग. नर म्हणत्यात तर नर."

 वहिनी पदर तोंडाला लावून हसायला लागल्या. परवा सभेत हसल्या तशाच, फक्त डोळे पुसत.

"आन् काय म्हणाले म्हाईत हाय का? म्हणाले, चाळीस वर्सं सांगतोय मी, नर मरत्यात, नर मरत्यात. एक दिवस नीट ऐकलं असतं तर मास्तरांना खोटं तरी धड बोलाया आलं असतं."

अंबादास, पन्नास वेळा तू मला सांगितलं होतंस की पिल्लं असतात तेव्हा समद्या रानात नुसत्या आया असतात. मी तुला पोटाशी पिल्लं असायच्या दिवसांत नर सापडल्याचं सांगितलं. तुझ्या हाताखालच्या कुठल्याही विद्यार्थ्यानं ते खोटं जागच्या जागी पकडलं असतं, आणि तू तर गुरू. तरी तू माझा तो कधी नसलेला नर मान्य केलास. वर त्याचे दिवस भरले होते म्हणून मला समजावलंस. आणि दुसऱ्या दिवसापासून मला रागावण्याऐवजी पडवीत बसवलंस. शिक्षा म्हणून बसलो, असं मी समजत होतो. आता वाटतं, तू मला सोबत देत होतास. तीन आठवडे, रोज, स्वतःचं जेवण गार करून.

एवढं मोठं मन कुठल्या ग्रंथात होतं रे? वाळवीनं खाल्लेल्या पानांत तर नव्हतं?

नावाचं भांडण तसंच राहू दे. मी शोधत राहीन. कधी मिळालं तर टपरीवर मोठ्यानं म्हणेन. नाही मिळालं तर निनावी राहतील ते, पण उंदीर होणार नाहीत. परवाचं शेवटचं.

त्या दिवशी फोन ठेवता ठेवता तू विचारलं होतंस, जेवलात का, आणि मी हो म्हणालो होतो. तेही खोटं होतं. त्यानंतरचे दोन दिवसही घास गिळला नाही. तेही तुला कळलं असणार.

काल निघताना वहिनींनी सूप बाजूला ठेवलं आणि विचारलं, "जेवलात का, भावजी?"

"नाही," मी म्हणालो.

त्यांनी ताट वाढलं. कडक भाकरी, दही, आणि काठाला शेंगाची चटणी. चटणीकडं मी थोडा वेळ बघत राहिलो. मग भाकरी मोडली आणि ताट स्वच्छ केलं.